पारापट्टणात लालासाठी काय देतात

आमच्या घरात पांढरं असं काही नव्हतं. टॉवेल नव्हता, उशीचा अभ्रा नव्हता, आणि बाबांचं बनियन तर दुकानातून आणलं त्या दिवसापुरतंच पांढरं. भिंतीला चुना मारला तरी बाबा जिथे पाठ टेकून बसायचे तिथे थोड्याच दिवसांत माणसाच्या पाठीएवढा पिवळट जांभळा डाग उमटायचा. डोंबिवली पूर्वेला, एमआयडीसीच्या अलीकडे आमची चाळ होती आणि चाळीतले निम्मे बाप रंगाच्या कारखान्यांत कामाला होते. कापड रंगवायची भुकटी तिथे तयार व्हायची. ती हवेत उडायची, अंगावर बसायची, घामात विरघळायची, आणि संध्याकाळी भोंगा झाला की रस्त्याने रंगीत माणसं घरी यायची. गावाहून आलेला पाहुणा दारात उभा राहून आ वासून बघत बसायचा. आम्हाला त्याचं काहीच वाटायचं नाही. उलट ज्यांचे बाप माणसाच्या रंगाचेच घरी यायचे, त्या पोरांची आम्हाला कीव यायची.

बाबा आले की चप्पल काढून थेट मोरीत. मोरी स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात, गुडघाभर कट्ट्याची, वर दोरीला लावलेला पडदा. आईने स्टोव्हवर मोठं पातेलं चढवलेलं असायचं. स्टोव्हचा फरफराट, तांब्या फरशीवर ठेवल्याचा आवाज, आणि डांबराच्या गोळ्या नि आंबलेलं लिंबू एकत्र केल्यासारखा एक वास, हे सगळं मिळून आमची संध्याकाळ. नळाला पाणी सकाळी तासभर यायचं, तेही करंगळीएवढं. आई आम्हाला तोंड धुवायला अर्धा तांब्या द्यायची आणि भांडी विसळलेलं पाणी तुळशीला घालायची. बाबांच्या अंघोळीला मात्र हात आखडता नाही. "पाणी नितळ आल्याशिवाय ह्या घरात कोणी पाटावर बसायचं नाही," हा तिचा कायदा. ती स्वतः पाठ चोळायची, कानामागे बोट घालायची, आणि पायाशी वाहणारं पाणी बघायची. आधी गडद, मग फिकट, मग नुसती झाक, आणि शेवटी नितळ. मग म्हणायची, "झालं. या आता जेवायला." कुळथाची पिठी, भात आणि सुक्या जवळ्याची चटणी. तसं जेवण मला आजही कुठल्या हॉटेलात मिळालेलं नाही.

मी आणि माझा मोठा भाऊ विजू पडद्याबाहेर पाटावर बसून आज कुठला रंग निघतो त्याची वाट बघायचो. आणि पडद्याआडून बाबा सांगायचे पारापट्टणाची गोष्ट. लोकांच्या बापांच्या गोष्टीत आटपाट नगर असायचं, आमच्या बाबांचं पारापट्टण. तिथे जे जे जन्माला येतं ते बिनरंगाचं, पाऱ्यासारखं. झाडं पाऱ्याची, गाई पाऱ्याच्या, बायकांची लुगडीसुद्धा पाऱ्याची. तिथल्या शहाण्या लोकांचं म्हणणं असं, की रंग वस्तूत नसतोच मुळी. रंग हा प्रवासी. तो एकातून निघतो आणि दुसऱ्यात मुक्कामाला जातो. त्याला निघायला लावायचं, वाटेत धरायचं आणि नव्या घरी नेऊन सोडायचं, ही किमया, आणि हे करणारे ते किमयागार. "आपल्याकडचे येडे लोखंडाचं सोनं करायला निघालेले," बाबा साबणाच्या फेसातून मला म्हणायचे. "सोनं म्हणजे काय गो सुमे? धातूला लागलेला चांगला पिवळा. पारापट्टणात सोन्याला कुत्रं विचारत नाही. पिवळ्याला विचारतात."

माझा स्वभाव लहानपणापासून बाप दाखव नाहीतर श्राद्ध कर असा. मी विचारायचे, "मग रंग येतो कसा? तुम्ही बोलावलं की लगेच येतो?" तेव्हा बाबांनी पारापट्टणाचा मुख्य नियम सांगितला. प्रवाशाला शिदोरी लागते. रंग रिकाम्या पोटी हलत नाही, आणि त्याची शिदोरी किमयागाराच्या अंगातून बांधून द्यावी लागते. पिवळ्याला झोप द्यायची. हिरव्याला नाकातला वास द्यायचा. निळ्याला भूक. किमयागाराने देताना कुरकुर केली की रंग विटतो, म्हणून तो हसत हसत देतो.

"आणि लालाला काय देतात?" विजूने विचारलं.

"लालाचं आधी सांगत नाहीत. लाल शेवटचा. सगळे रंग हाताखालून गेले, की मग लाल खात्यात घेतात."

पारापट्टणात कारखान्यासारखी खाती कुठून आली, हे आम्हा दोघांच्याही लक्षात आलं नाही. आई पाठ चोळता चोळता फणकारायची, "नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा! म्हणे किमयागार. घरात एक पांढरा टॉवेल नाही आणि गप्पा बघा." पण ती हसायची. बाबांनी हसवलं की आईच्या गळ्याशी एक शीर उडायची, ती मला पडद्याच्या फटीतून दिसायची.

आता ह्या वयात मागे वळून बघते तर एकेक गोष्ट जागेवर येऊन बसते. बाबा पिवळ्या खात्यात होते ती वर्षं ते खरंच झोपायचे नाहीत. अंगाला अशी खाज सुटायची की उठून गॅलरीत बसायचे आणि दाराच्या चौकटीला पाठ घासायचे. हिरव्यात गेले त्या वर्षी एकदा आई शेजारी गेलेली असताना तव्यावर बोंबील जळून कोळसा झाला, सगळी चाळ धावत आली, आणि बाबा त्याच खोलीत पेपर वाचत होते. निळ्यात असताना ताट पुढे सारायचे. तो माणूस आम्हाला परीकथा सांगत नव्हता. तो रोज संध्याकाळी आपल्या शरीराची खबर देत होता, आणि आम्ही मेले टाळ्या पिटत होतो.

मग बाबा लाल खात्यात गेले. विजूने अख्ख्या चाळीला सांगितलं, "आमचे बाबा लालाला पोचले." त्या संध्याकाळी मोरीतून जे पाणी निघालं ते मी विसरूच शकत नाही. जास्वंदीचा ढीग कुटून पाण्यात सोडावा तसं. नितळ यायला रोजच्या दुप्पट पाणी लागलं. आई वैतागली, बाबा मात्र राजासारखे पाटावर बसले आणि आम्ही त्यांना ओवाळलं. खरंच ओवाळलं, निरांजन लावून. आई म्हणाली, "डोकी फिरलीत तिघांची."

काही महिन्यांनी सकाळी मोरीच्या तोंडाशी लाल दिसायला लागलं. चाळीचे संडास मागच्या बाजूला, लांब. रात्री पुरुषमाणसं लघवीला मोरीतच जायची, सगळ्या घरांतून तसंच चालायचं. लाल दिसलं म्हणून आमच्याकडे कोणी दचकलं नाही, कारण आमच्याकडे दचकायची रीतच नव्हती. पिवळ्या खात्यातल्यांना पिवळंजर्द व्हायचं, निळ्यातल्यांची थुंकी निळी पडायची. दोन दारं सोडून तुकारामकाका राहायचे. बाबांचे जुने सोबती, भुवयांपर्यंत पिवळे. ते तर गॅलरीत उभं राहून चेष्टा करायचे, "काय रे, आज कुठली बॅच सोडलीस?" आणि बाबा ओरडायचे, "एक्सपोर्ट क्वालिटी!" बायका पदर तोंडाला लावून हसायच्या. रक्त कसं दिसतं हे जगात सगळ्यांना माहीत असतं. पण जिथे घाम लाल, थुंकी लाल, आंघोळीचं पाणी लाल, तिथे आणखी एक लाल कोण वेगळा काढणार?

इथे घोडबंदर रोडला मुलाच्या घरी माझा नातू सोफ्यावर लोळत फोनवर गेम खेळतो. त्यात एक दाढीवाला किमयागार आहे, आणि रंगीत बाटल्या. परवा मला म्हणाला, "आजी, बघ ना, लाल बाटली प्यायली की लाइफ वाढते." मी म्हटलं, "कोणी सांगितलं तुला?" माझा आवाज इतका चढला की सूनबाई किचनमधून बाहेर आली. पोराचा काय दोष त्यात. मी उठून गॅलरीत गेले आणि खाली अडकलेल्या गाड्या बघत उभी राहिले.

तर पुढे झालं असं. कारखान्यात बॉयलरचं काम निघालं आणि लाल खातं बंद ठेवलं. बाबांना घरी बसवलं. पहिले दोन-तीन दिवस अंघोळीला रंग निघाला, मग पाणी पहिल्या तांब्यापासून नितळ. बाबांचा मूळ रंग आम्ही तेव्हा नीट बघितला. गव्हाळ होते बाबा, आणि मनगटावर एक तीळ होता. आईने नवीन बनियन आणलं, धुतलं, आणि ते गॅलरीतल्या तारेवर पांढरंशुभ्र वाळत होतं. ती दोनदा बाहेर जाऊन त्याला हात लावून आली. संध्याकाळी बाबा आम्हाला घेऊन स्टेशनपर्यंत चालत गेले, गाडीवरची कांदाभजी खाल्ली, आणि येताना विजू म्हणाला, "बाबा, तुम्ही आता साधेच दिसता." बाबा म्हणाले, "सुट्टीवर किमयागार साधाच दिसतो रे."

दुसऱ्या दिवशी सकाळी आई मोरी धुवायला खराटा घेऊन गेली आणि तशीच उभी राहिली. तोंडाशी लाल होतं. कालच्यासारखं, परवासारखं.

"अहो," ती म्हणाली, "हे तुमचं?"

बाबा चहा पीत होते. "मग काय शेजाऱ्याचं? आत साठा आहे, तो बाहेर पडतोय."

"अंगातून निघायचा बंद झाला. बनियनला लागत नाही. आणि हा बरा पडतोय."

"अगो, आतलं खातं वेगळं असतं." ते हसले. आई हसली नाही. मी तिच्या गळ्याकडे बघत होते, ती शीर उडाली नाही.

तिने जे केलं ते दुसऱ्या कुठल्या घरात कोणाला करावं लागलं असेल असं मला वाटत नाही. जुन्या धोतराचे दोन तुकडे फाडले. एक त्या लालात बुडवला. बाबांची कामाची पँट खुंटीला तशीच टांगलेली होती, तिच्या खिशात भुकटी साचलेली असायची. ती चिमूटभर वाटीत कालवून दुसरा तुकडा त्यात बुडवला. दोन्ही तारेवर शेजारी शेजारी चिमट्यांनी लावले आणि भात टाकायला आत गेली. विजू विचारत राहिला, "आई, हे काय आहे?" ती म्हणाली, "अभ्यास कर." मी गॅलरीतच बसून राहिले. सकाळी दोन्ही सारखेच लाल होते, मला फरक सांगता आला नसता. ऊन चढलं. भुकटीचा तुकडा वाळून आणखी खुलला, लग्नातल्या पाटावर घालतात त्या कापडासारखा. दुसरा हळूहळू मळला, मग काताच्या रंगाचा झाला, आणि कडेने कडक होऊन वळला.

आई हात पुसत बाहेर आली, एकदाच बघितलं आणि दोन्ही तुकडे काढून घेतले. बाईला रक्त ओळखायला डॉक्टर लागत नाही. महिन्याच्या महिन्याला ती ते धूत असते. इतके दिवस तिला ते ओळखू आलं नाही, कारण त्या घराने तिला लाल रंगावर विश्वास ठेवायला शिकवलं होतं. हे मी म्हणतेय. ती कधी एका शब्दाने बोलली नाही.

तिने बाबांना वाढलं. ते जेवेपर्यंत समोर बसली. मग तो तपकिरी तुकडा त्यांच्या ताटाजवळ ठेवला. "शर्ट घाला. डॉक्टरकडे जायचंय."

बाबांनी बघितलं, आणि सवयीने सुरू केलं, "अगो, लालाची शिदोरी म्हणजे..."

"तुमच्या पारापट्टणात," आई म्हणाली, "रक्त वाळलं की कुठल्या रंगाचं होतं, ते आधी सांगा."

बाबांनी हात ताटातच धुतला. मग उठून शर्ट घातला.

पुढचं लांबवण्यात अर्थ नाही. आधी नाक्यावरचे डॉक्टर, मग ठाण्याचं मोठं हॉस्पिटल, बाकड्यावर बसून काढलेल्या सकाळी, आणि लघवीच्या पिशवीत गाठ. कॅन्सर हा शब्द आमच्याकडे कोणी उच्चारला नाही. आई "ते" म्हणायची. डॉक्टरांनी कुठे काम करता विचारलं, बाबांनी सांगितलं, डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. इतकंच मला बाहेरून, दाराच्या फटीतून दिसलं. ऑपरेशन झालं, आतून खरवडून काढलं, आणि काही महिने पाणी नितळ येत राहिलं. मग बाबा परत कामावर गेले. हो, परत. कंपनीने उपकार केल्यासारखं पॅकिंगमध्ये हलकं काम दिलं. पॅकिंग म्हणजे कोरडी भुकटी पिशव्यांत भरायची, जिथे सगळ्यात जास्त उडते. आईने डोकं आपटलं, अबोला धरला. बाबा म्हणाले, "दुसरं काय येतं मला?" मला त्यांचा राग आला होता, आणि कंपनीचा, आणि त्या भोंग्याचा. तो राग अजून गेलेला नाही. जायला नकोच आहे मला.

विजूने पारापट्टणाचं नाव टाकलं ते कायमचं. तो आता कल्याणला असतो, त्यालाही नातवंडं आहेत. एकदा भाऊबीजेला विषय निघाला तर म्हणाला, "बाबा भित्रे होते गं. त्यांना कळत होतं सगळं. गोष्टीच्या आड लपले." मी म्हटलं, "लपायला दुसरी जागा कुठे होती? दहा बाय दहाची खोली." आमचं ह्यावर आजतागायत एकमत नाही, आणि तरी आम्ही दोघं एकाच माणसाबद्दल बोलत असतो.

मोरीत लाल परत आलं, आणि शेवटी शेवटी बाबा हॉस्पिटलात होते. पार उतरले होते, पाऱ्यासारखा राखाडी चेहरा. आई खाली औषध आणायला गेलेली. मी पलंगाच्या कडेला बसले आणि तेच विचारलं, जे लहानपणी कितीदा विचारलं होतं. "बाबा, लालाला काय देतात?"

"तुला कळलंय की," ते म्हणाले. "उगाच विचारतेस." मग माझा हात हातात घेऊन उलटा केला, आपला रंग मला लागला का ते बघितलं, आणि सोडून दिला.

बाबांना घरी आणलं ते सकाळी. चाळीच्या चौकात पाट मांडला, त्यावर ठेवलं. रीतीप्रमाणे पुरुषांनी अंघोळ घालायची, दोन तांबे ओतायचे, नवीन वस्त्र घालायचं. तुकारामकाका पुढे झाले. आई म्हणाली, "थांबा भावोजी. मी घालते. कुठे कुठे राहतो ते मला माहितेय."

कोणी अडवलं नाही. ती खाली बसली, पदर खोचला, आणि पहिला तांब्या ओतला. फरशीवर पिवळं पाणी आलं. बाबा इतके दिवस कामावर नव्हते, पांढऱ्या चादरीवर निजून होते, आणि तरी रंग होता. कानामागे होता. कोपराच्या घड्यांत, बेंबीत, पायाच्या बोटांमध्ये. आई बोट घालून काढत होती. पिवळ्यामागून हिरवट झाक आली, मग निळी. एक बादली संपली. आमच्या पिंपातलं पाणी संपलं. वरच्या आळीचे एक म्हातारे म्हणाले, "वहिनी, पुरे झालं. वेळ होतोय, माणसं खोळंबलीत."

"नितळ येऊ दे," आई म्हणाली.

मग तुकारामकाकूंनी आपल्या घरची बादली आणून ठेवली. तिच्यामागून दुसरी आली, तिसरी आली. हंडाभर पाण्यावरून एकमेकींच्या झिंज्या उपटणाऱ्या बायका आपापल्या पिंपांतून पाणी काढून आणत होत्या. भोवती उभे असलेले रंगीत पुरुष आपापल्या हातांकडे बघत होते. विजूने तोंड फिरवलं. मी तांब्या भरून आईच्या हातात देत होते.

शेवटी नखांखालून लाल निघाला. आईने एकेक नख काडीने कोरलं, दहाही बोटं. लाल फिकट झाला, गुलाबी झाला, झाक उरली. तिने आणखी एक तांब्या मागितला, तो हळूहळू पूर्ण ओतला आणि पाटाखालून निघणारं पाणी ओंजळीत धरलं. उन्हाकडे करून बघितलं. नितळ होतं.

"झालं," ती म्हणाली. "न्या आता."